घरात घर घालणारी कौसाक्का

मुक्ता, जरा जवळ सरक. आता जवळ म्हणजे या कागदाजवळच, दुसरं काय. गावाकडं यायचं तर तू नावच काढत नाहीस. दिवाळीला येते म्हणालीस, आली नाहीस. संक्रांतीला तिळगुळाचा फोटो पाठवलास. फोटोतला तिळगूळ खाऊन कुणी गोड बोलतं का गं? बरं, राहू दे. माझा राग भाकरी फुगेपर्यंत टिकत नाही हे तुला ठाऊक आहे, म्हणून तर तू सोकावलीस.

परवा तू फोनवर मोठ्या उमेदीनं सांगत होतीस, कॉलेजात नवीन काय शिकवलं ते. एक जागा दुसऱ्या जागेत शिरते, मधला थोडा तुकडा दोघींचाही होतो, आणि तरी दोघी आपापल्या राहतात. चित्रही पाठवलंस, दोन चौकोन एकमेकांत अडकलेले. मी चष्मा लावून ते बघितलं आणि गप्प झाले. तुला वाटलं आजीला काही उमजलं नाही, म्हणून तू फोन आवरता घेतलास. उमजलं होतं गं. मला कौसाक्का आठवली होती.

कौसाक्का म्हणजे आपल्या समोरची. तिच्या आणि आपल्या दारात फक्त गल्ली. तू लहानपणी आलीस की तुझी हनुवटी धरून "ही कोनाची गं, नाक तर आमच्या गावचं दिसतंय," म्हणायची ती. उंच, हाडापेरानं मोठी, बोलणं ठसक्यात. गरीब गाय वगैरे मुळीच नव्हती. एखादीला पातळांचं वेड असतं, एखादीला देवदेवस्कीचं, तसं तिला घरांचं वेड होतं. आता घरांचं म्हणजे मोठ्या घरांचं नाही. कुठली खोली कुणाकडं तोंड करून बसलीय, कोण कुणाला दिसतं, कोण कुणाला ऐकू येतं, याचं.

कुणाच्याही घरी गेली की आधी बसायची नाही. उंबऱ्यात उभी राहून डावीकडं बघणार, उजवीकडं बघणार, मग आत चुलीपर्यंत जाऊन तिथून दाराकडं बघणार. घरच्या बाईला वाटायचं ही भांडी मोजतेय का काय. पाणी दिलं की घोट घेऊन म्हणायची, "पानी ग्वाड हाय. पन घर रुसून बसल्यावानी दिसायलंय." आता असं म्हटल्यावर कोण चहा टाकणार? तिला कितीतरी घरांत नुसत्या पाण्यावर परत यावं लागलं. तिला त्याची फिकीर नव्हती.

एकदा माझ्या नणंदेच्या मुलीसाठी आम्ही पालमला स्थळ बघायला गेलो. कौसाक्काला घेऊ नका असं मी सांगितलं होतं, पण ती एसटीत आमच्या आधी चढून बसलेली. तिथं सगळे पोराकडं बघतायत, पोरगं खाली मान घालून बसलंय, आणि कौसाक्का गायब. शोधली तर घरामागच्या बोळात उभी. तिथं दोन भावांची दोन घरं, मध्ये बोळ, बोळात बाभळीचे काटे टाकलेले.

परतताना बसमध्ये नणंदेनं विचारलं, पोरगं कसं वाटलं म्हणून.

"पोरगं ब्येस हाय. पन दोन्ही घरं एकमेकाकडं पाठ करून बसलेत. जावेचं तोंड बगायचं म्हनलं तर पोरीला गल्लीतून वळसा घालून जावं लागंल."

नणंद तडकली. म्हणाली, आम्ही पोरगी पोराला द्यायलोत का घराला?

"मग ऱ्हानार कोनात हाय ती? पोरात?"

बसमधल्या बाया तोंडाला पदर लावून हसायला लागल्या. लग्न तिथंच झालं बरं का, आणि पोरगी आजही सुखात आहे. जावा-जावा वळसा घालून एकमेकींकडं जातात. हे मी कौसाक्काला मुद्दाम सांगितलं, तर म्हणाली, मग काटे उचलले असतील त्यांनी. काटे कुणी उचलले नव्हते. पण हरले म्हणायची तिची रीत नव्हती.

तर हे सगळं हसण्यावारी होतं, एका दुपारपर्यंत.

तुला माहीत आहे, दसरा झाला की आपलं अर्धं गाव रिकामं होतं. ट्रॅक्टर येतात, माणसं भांडीकुंडी बांधून ऊसतोडीला जातात, ती थेट पाडव्याच्या पुढंमागं परततात. मागं राहतात म्हातारीकोतारी. कौसाक्काचा मुलगा-सून जायचे, आणि शेजारच्या घरातला तिच्या जावेचा, राधाबाईचा, मुलगा-सून पण जायचे. दोघी जावा विधवा. राधाबाई धाकटी, पण तिची नजर हळूहळू जात जात पार गेलेली. कौसाक्काच तिचं सगळं बघायची. दोघींची जुनी मातीची घरं शेजारी शेजारी, मध्ये बोळ. पालमला होता तसाच. कौसाक्का दुसऱ्यांची घरं तपासत गावं फिरली, आपलं पाठमोरं घर मात्र तिला सवयीनं दिसेनासं झालं होतं.

त्या दुपारी राधाबाई परसात पाय घसरून पडली. पलीकडं कौसाक्का सुपानं ज्वारी पाखडत बसली होती. दोघींच्या मध्ये दोन जाड भिंती आणि एक बोळ. दिवस कलल्यावर ती भाकरी घेऊन वळसा घालून गेली, तेव्हा राधाबाई अजून जमिनीवरच होती. हाड मोडलं नव्हतं. मीही धावले, आम्ही दोघींनी तिला उचलून बाजेवर ठेवलं. राधाबाई रडली नाही, चिडली नाही. साधं म्हणाली, "बाई, हाका मारून मारून दमले मी. मला वाटलं तुमी बी गेलाव हंगामाला."

कौसाक्कानं भाकरी कुस्करून तिच्यापुढं ठेवली आणि मधल्या बोळात जाऊन उभी राहिली.

पुढच्या सालात दोन्ही घरांना घरकुल मंजूर झालं. माणसं हंगामावरून आली, जुन्या भिंती पाडल्या, गंगाखेडहून आखणी करायला इंजिनिअर आला. तरुण होता, हसतमुख. त्यानं दोरी लावून दोन चौकोन पाडले, मध्ये नेहमीसारखा बोळ सोडला. कौसाक्का म्हणाली, बोळ नको. तो म्हणाला, आक्का, दोन नावं हायेत, दोन घरं पाहिजेत.

"दोन ऱ्हाऊ द्या की. मी कुटं एक करा म्हनायली? डबे ठिवल्यावानी शेजारी शेजारी ठिवू नका म्हनायली."

आणि मग तिनं काय केलं, कडब्याची पेंढी सोडली. ज्वारीची ती वाळलेली धाटं एकापुढं एक लावत तिनं जमिनीवर घर काढलं. तुम्ही पेन्सिलीनं काढता ना, तसं. आधी हे घर, मग ते घर. गवंड्याचा गुण्या असतो बघ, काटकोनाचा? तसे दोन गुण्ये, एक सुलटा, एक उलटा, आणि एकमेकांत बसवलेले. कौसाक्काच्या घराचा कोपरा कापून तिथं राधाबाईचं घर आत आणलं, तिच्या घराचा कोपरा कापून तिथं हिचं. हिच्या ओसरीचं टोक राधाबाईच्या घराच्या कुशीत, आणि राधाबाईची निजायची जागा हिच्या घराच्या कुशीत. जिथं दोन्ही घरं अशी अडकली, तिथली भिंत फक्त कमरेइतकी.

मी शिवणकाम करणारी बाई. मला ते लगेच कळलं. झंपर शिवताना बाही नुसती अंगाला जोडली तर हात वर होत नाही, बगलेत उसवतं. तिथं एक तिकोनी तुकडा घालावा लागतो, जो धड बाहीचा नसतो, धड अंगाचा नसतो. कौसाक्कानं घराच्या बगलेत तो तुकडा घातला होता.

धाटं लावून झाली की ती त्यात आडवी झाली. भर गल्लीच्या तोंडाला, पदर सावरून, डोळे मिटून. येणारे-जाणारे थबकले. कुणीतरी विचारलं, आक्का, बरं वाटंना का? तिनं डोळे न उघडता सांगितलं, "घर निजून बगावं. हुबं ऱ्हायलं की कसलं बी घर मोठंच दिसतंय." मग राधाबाईला हाताला धरून आणलं, तिच्या जागी तिला निजवलं, आणि आपल्या जागेवरून हळूच बोलली, ऐकू येतंय का गं? राधाबाई म्हणाली, सगळ्या गावाला ऐकू जायलंय.

इंजिनिअर उकिडवा बसून बराच वेळ बघत राहिला. त्याला ते पटलं, पण त्यानं एक खोट काढली. दोन्ही छतांचं पाणी त्या खाचेत येऊन साठलं असतं, आणि राधाबाईच्या बाजेवर गळलं असतं. हे कौसाक्काच्या ध्यानातच नव्हतं आलं. त्यानं उतार फिरवून दिला, दोन्ही घरांना आपापलं दार, आपापला मीटर हवा हे बजावलं, आणि उद्या येतो म्हणून गेला. सकाळी बघतो तर राधाबाईचं न्हाणीघर आणि कौसाक्काच्या स्वयंपाकघराची एक भिंत कुणाच्या तरी शेळीनं खाऊन टाकलेली. कौसाक्का शेळीवाल्याच्या दारात जाऊन उभी. तुझ्या शेळीनं माझं न्हाणीघर खाल्लं, आता निदान चहापुरतं दूध तरी दे, म्हणाली. दूध घेऊनच आली.

घर झालं. त्या हंगामाला माणसं गेली आणि दोघी जावा राहिल्या, आणि काय सांगू तुला, आमच्या गल्लीला करमणूकच झाली. कमरेइतक्या भिंतीच्या दोन बाजूंना दोन बाजा. भिंतीवर तांब्या. राधाबाई वाती वळत बसायची आणि कौसाक्का ओसरीवरून तिला गल्लीतलं सांगत राहायची, कोण चाललंय, कुणी काय नेसलंय. त्यात निम्मं पदरचं. एकदा म्हणाली, सरपंचीणबाई चाललीय, नवं हिरवं पातळ नेसून. राधाबाई म्हणाली, "बाई, सरपंचीन पैंजन कवापासून घालायली? ती आपली म्हैस हाय, साखळी ओढीत चाललेली." मी समोर मशीनवर बसून इतकी हसले की शिवण वाकडी गेली.

भांडायच्याही. चटणीत मीठ किती यावर दिवसभर. पण राधाबाई खोकली तरी भिंतीवरून तांब्या पलीकडं जायचा. तो हंगाम तिचा सुखात गेला. कौसाक्का दारात उभी राहून घराकडं असं बघायची, जसं लेकरू चालायला लागल्यावर आई बघते.

आणि मग पाडव्याला माणसं परत आली.

इथंच तिची चूक होती बघ, मुक्ता. तिनं घर बांधलं होतं रिकाम्या गावासाठी. गाव भरल्यावर काय, हा विचारच तिच्या मनाला शिवला नव्हता. आता कमरेइतक्या भिंतीच्या पलीकडं राधाबाईचा तरणा मुलगा, त्याची बायको, पोरं. अलीकडं कौसाक्काचा मुलगा आणि सून सुनीता. सुनीतानं केस विंचरले तरी चुलत दिराला दिसायचं. ती आपल्याच ओसरीवर पदर घेऊन वावरायला लागली. आठ-पंधरा दिवस तिनं काढले. मग एका सकाळी अंगणातल्या उरलेल्या विटा उचलून त्या अर्ध्या भिंतीवर एकावर एक रचायला लागली. माती नाही, सिमेंट नाही, नुसत्या विटा.

मी दारातच होते. कौसाक्का आतून आली. मला वाटलं आता गल्ली दणाणणार. राधाबाई पलीकडं बाजेवर उठून बसली होती. विटांचा आवाज तिला कळला होता. ही भिंत वर गेली की पुढचा हंगाम तिचा कसा जाणार हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं. सुनीतालाही ठाऊक होतं. तरी ती विटा रचत होती.

कौसाक्का म्हणाली, "कोनाला कोंडायलीस तू?"

सुनीतानं वीट खाली ठेवली. वर बघितलं नाही. "आत्या, तोडीवर कोपीला दार नसतंय. उसाच्या पाचटाची कोपी, म्होरं लुगडं लावलेलं. अंगूळ करायची म्हनलं तर लुगडं धरायला बाई हुडकावी लागती. हंगामभर मी अशी ऱ्हाती, वाकून. तुमाला राधामावशीचं ऐकू आलं पायजे, मला कबूल हाय. पन मला बी कुटंतरी आतून कडी लावता आली पायजे."

पलीकडून राधाबाई म्हणाली, रच पोरी तू, माझं काही नाही. पण ते कुणी ऐकलं असं वाटलं नाही.

कौसाक्का उंबऱ्यावर बसली. दिवसभर तिथंच होती. दुसऱ्या दिवशी कडब्याची पेंढी घेऊन आली. या वेळी धाटं घराच्या आत लावली, त्या अडकलेल्या जागेत. लावायची, उचलायची, परत लावायची. मग सुनीताला बोलावलं आणि म्हणाली, "नीज हितं."

सुनीता लाजली. मी कशाला, म्हणाली.

"मागच्या टायमाला मी माजं अंग ठिवून बगितलं, राधीचं बगितलं. तुजं बगितलं न्हाई. नीज. आन सांग, कोन कोन दिसायलंय."

सुनीता निजली. तिथून कोण दिसतं ते सांगत गेली, आणि कौसाक्का धाटं सरकवत गेली. शेवटी जे ठरलं ते असं: कमरेइतकी भिंत पाडायची. तिच्या जागी दोन भिंती, छतापर्यंत. एक या बाजूनं निघालेली, एक त्या बाजूनं, पण एकमेकींना न भेटता शेजारून पुढं गेलेल्या. दोन हात समोरासमोर धरून बोटं एकमेकांवरून सरकवून बघ, तसं. मध्ये एक बाज मावेल इतकं वळण. नजर त्या वळणात अडते, आवाज वळून पलीकडं जातो. आणि सुनीताची खोली स्वतंत्र, एक दार ओसरीकडं, एक आत वळणाकडं, आतून कडी.

पण जागा काही रबराची नसते. सुनीताची खोली झाली ती ओसरीच्या वाऱ्याच्या तोंडाला, जिथं आजवर कौसाक्का बसायची. आणि कौसाक्काची बाज गेली त्या वळणात. तिथं वारा नाही. आपल्याकडचा उन्हाळा तुला माहीत आहे, परभणीचं ऊन काय असतं. मी म्हटलं, अहो अक्का, तिथं तुम्ही उकडून निघाल. तर म्हणाली, मला कुठं झोप लागते, मी आपली चौकीदार. असं म्हणायची खरी, पण त्या उन्हाळ्यात ती फार थकली. दुपारी पदरानं वारा घेत बसायची, घामानं झंपर भिजलेला. सुनीता येताजाता बघायची. सुनीता खोलीत जायची, कडी लावायची, आणि आत कधी कधी बराच वेळ काही आवाज यायचा नाही. मला वाटतं ती नुसती बसायची. दार बंद करून बसणं म्हणजे काय, ते ती करून बघत असावी.

दसऱ्यानंतर परत ट्रॅक्टर आला. भांडी चढली, पोरं चढली. सुनीता सगळ्यात शेवटी आली. मी म्हटलं, कुलूप लावलंस का गं खोलीला? तिचा पेटारा होता आत, लग्नातली पातळं होती. तिनं मान हलवली. नाही म्हणाली. मग हळूच मला म्हणाली, "काकू, दोनी दारं उगडी ठिवलेत. वारं थेट आत्याच्या बाजंपतोर जातंय, मी निजून बगितलं. कडी माजी हाय ना? मग लावायची का न्हाई ते बी माजंच."

कौसाक्काला तिनं हे सांगितलं नव्हतं. कौसाक्कानं मला पुढं कितीतरी दिवस ऐकवलं, सून विसरभोळी आहे, दार उघडं टाकून गेली. पण ते दार तिनं कधी लावलं नाही, आणि सून मुद्दाम उघडं ठेवून गेलीय हे तिला उमगलंय, ते मला कळत होतं.

त्याच हंगामात ती गेली. आजार म्हणावा असा नव्हता. श्वास बदललेला आधी राधाबाईला कळला, तिनं वळणातून हाक मारली, मग गल्लीकडं तोंड करून मला हाक मारली, आणि मी धावले. तोपर्यंत राधाबाई भिंत चाचपत स्वतःच तिच्यापाशी पोचली होती. म्हणजे ती एकटी नव्हती, एवढं मी सुनीताला फोनवर सांगू शकले.

पण मला ती तशी आठवत नाही. आठवते ती त्याच्या थोडंच आधीची. राणीसावरगावच्या बाजारातून मी त्यांच्यासाठी काकडीसारखी कोवळी वाळकं आणली होती, ती द्यायला गेले. सुनीताच्या खोलीतून मोकळा वारा येत होता. कौसाक्का वळणात बाजेवर आडवी, तोंड थोडं उघडं, केसांच्या बटा वाऱ्यानं हलत होत्या, आणि गाढ झोपली होती. मी "अक्का" म्हणणार, तेवढ्यात भिंतीपलीकडून राधाबाईचा आवाज आला, दबका. तिला ना मी दिसत होते, ना अक्का.

"हळू, वैनी. लय दिसानं बाईचा डोळा लागलाय."

मी वाळकं उंबऱ्यावर ठेवली आणि पावलं न वाजवता परत आले.

घर आहे तसंच आहे. राधाबाई आहे, आणि आता वळणात सुनीता बाज टाकते, हंगामाला जाणं तिनं सोडलं. तुझं ते चित्र मी दोघींना नेऊन दाखवलं. राधाबाईला बोटानं तिच्या तळहातावर काढून सांगितलं. ती म्हणाली, त्या पोरीला म्हणावं, कागदावर काय कळतंय, येऊन निजून बघ. तर ये बाई. माणसं हंगामावरून परतायच्या आत ये, म्हणजे निवांत बसता येईल. सकाळच्या एसटीनं निघालीस तर दिवस मावळायच्या आत पोचशील. सुनीतानं तुझ्यासाठी गोधडी धुऊन ठेवली आहे, आणि ती मला रोज विचारते, कधी येणार म्हणून. मी काय सांगू तिला?